पैसे परत भरले, तरी बडतर्फ केलं. कोर्ट नोकरी देईल का?

माझ्याकडे हा प्रश्न घेऊन रोखपाल येतात, वाहक येतात, पतसंस्थेचे वसुली कर्मचारी येतात. बहुतेकदा बोलते ती बायको. नवरा खाली मान घालून बसलेला असतो.

असंच एक जोडपं आलं होतं (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत). ते सहकारी बँकेत रोखपाल, २२ वर्षं डाग नाही. खातेदाराने भरलेले १८,००० रुपये त्यांनी चार दिवस उशिरा जमा दाखवले. खातेदार पासबुक भरायला आला आणि प्रकरण उघडकीला आलं. "लिहून द्या, पैसे भरा, मिटवून टाकू," असं साहेब म्हणाले. त्यांनी कबुली लिहून दिली. पुढे निलंबन, आरोपपत्र, चौकशी आणि बडतर्फी.

"ताई, बँकेचा एक रुपया बुडाला नाही. जज हे बघणार नाहीत का?" वहिनींनी विचारलं.

या आशेवर माणसं वर्षानुवर्षं तारखा काढतात, म्हणून मी स्पष्ट बोलले. नुकसान झालं नाही हा बचाव बँक कर्मचाऱ्याला चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने बेला बागची प्रकरणात २००५ मध्ये सांगितलं आहे. रक्कम छोटी होती, हेही सहसा उपयोगी पडत नाही. वाहकांच्या अपहाराच्या खटल्यांत न्यायालयाने रकमेपेक्षा गेलेल्या विश्वासाला वजन दिलं आहे. खात्यांतर्गत चौकशीला फौजदारी खटल्याइतका कडक पुरावाही लागत नाही. १९७७ च्या रतन सिंग निकालात प्रवाशांची साक्ष नव्हती, तरी वाहकाविरुद्धचा निष्कर्ष टिकला.

मग न्यायालय बघतं काय? कामगार न्यायालय आधी चौकशी रास्त झाली का आणि निष्कर्षाला काही पुरावा आहे का, हे तपासतं. आरोप नीट कळले का, कागद मिळाले का, साक्षीदारांना प्रश्न विचारता आले का? यांना चौकशी अहवालाची प्रतच मिळाली नव्हती. ती द्यायला हवी, असं १९९३ चा करुणाकर निकाल सांगतो. पण प्रत न मिळाल्याने बचावाला काय फटका बसला, हेही दाखवावं लागतं. शिवाय चौकशी रद्द झाली तरी बँक न्यायालयात नव्याने पुरावा देऊ शकते, आणि तिथे ती कबुली असतेच.

हे ऐकल्यावर ते पहिल्यांदा बोलले. "पैसे मीच वापरले. पोरीची फी होती." वहिनी आजवर साहेबांनीच यांना अडकवलं असं समजत होत्या. त्या खूप रडल्या, मग चिडल्या. ते रोज डबा घेऊन घराबाहेर पडायचे, मुलीला बडतर्फी माहीतच नव्हती. पुढच्या बऱ्याच भेटी आम्ही खटल्यावर नाही, यावरच घालवल्या. माझ्या मते सगळ्यात जास्त पोखरत होतं ते हे लपवणं, आणि त्यावर कुठल्याही कोर्टाकडे उपाय नाही.

वकिलांकडे मात्र लगेच पाठवलं. महाराष्ट्रात अनुचित कामगार प्रथांविरुद्धची (म्हणजे मालकाच्या गैरवागणुकीविरुद्धची, त्यात अन्याय्य बडतर्फीही येते) तक्रार ९० दिवसांत करायची असते, उशीर झाला तर कारण पटवावं लागतं. २२ वर्षांची स्वच्छ नोकरी शिक्षेच्या मुद्द्यावर मांडता येते, पण पैशांच्या प्रकरणात तिच्यावर फार भिस्त ठेवू नये.

त्यांना वाटत होतं, आता सगळंच गेलं. तसं नव्हतं. भविष्य निर्वाह निधीतली स्वतःची जमा त्यांचीच होती. ग्रॅच्युइटी रोखता येते, त्यासाठी फौजदारी शिक्षाही लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२५ मध्ये म्हटलं. पण त्याच निकालात एसटीच्या वाहकांची पूर्ण ग्रॅच्युइटी जप्त करण्याऐवजी जप्ती २५ टक्क्यांवर आणली. वकिलांनी त्याच आधारावर ग्रॅच्युइटीचा अर्ज वेगळा लावला आहे. बडतर्फीचा खटला अजून चालू आहे.