फूड पॉयझनिंग झालं असताना कामावर जावं की सुट्टी टाकावी?

रात्रभर उलट्या-जुलाब, सकाळी जरा बरं वाटतंय आणि दुपारी टाळता न येणारी मीटिंग. जाऊ का, असं तुम्ही विचारलंय. आज तरी नका जाऊ.

मी डॉक्टर नाही, पण हा आगाऊपणा एकदा करून बसलोय. पहाटे शेवटची उलटी झाली, पोट रिकामं झाल्यावर एकदम हलकं वाटलं, आंघोळ करून निघालो. अकराच्या सुमारास बोलता बोलता तोंडात ती खारट लाळ जमायला लागली. (ज्यांनी अनुभवलंय त्यांना पुढचं सांगायला नको.) उरलेला दिवस टॉयलेटजवळची खुर्ची धरून काढला आणि त्या दिवशी केलेला हिशोब नंतर पुन्हा पहिल्यापासून करावा लागला.

माझ्या फजितीचं सोडा, इतरांचं काय? 'काहीतरी बाधलं' म्हणतो, पण नेमकं काय ते घरबसल्या कळत नाही. स्टॅफिलोकोकस या जिवाणूने अन्नात सोडलेलं विष असेल तर बहुधा दिवसभरात आटोपतं आणि दुसऱ्याला लागत नाही. नोरोव्हायरस असेल तर १ ते ३ दिवस चालतं आणि भराभर पसरतं. त्याच्यावर सॅनिटायझरचा फारसा भरवसा नाही, साबणानेच हात धुवा. म्हणून शेवटची उलटी किंवा जुलाब झाल्यापासून ४८ तास घरी थांबा असं सांगतात. स्वयंपाकघर, पाळणाघर, दवाखाना अशा ठिकाणी काम असेल तर यात तडजोड नकोच. नुसतं टेबलावरचं काम असेल तर जमेल तेवढं घरून करा, फक्त पैशांचे व्यवहार त्या दिवशी नकोत.

ओआरएस घोट-घोट घ्या. पुडी नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात ६ सपाट चमचे साखर, अर्धा चमचा मीठ, दोन्ही चहाच्या चमच्याने मोजून. मीठ अंदाजाने टाकू नका. जुलाब थांबवायची गोळी खाऊन मीटिंगला बसायचा विचार असेल, तर ताप किंवा शौचातून रक्त असताना ती घेऊ नका. रक्त दिसलं, ताप १०२ फॅरनहाइटच्या वर गेला, पाणीही पोटात ठरेना, लघवी फार कमी झाली किंवा जुलाब ३ दिवसांपुढे गेले, तर थेट डॉक्टर गाठा.

साहेबांना तपशील कशाला? 'फूड पॉयझनिंग झालंय, आज येत नाही, मीटिंगचे कागद मेलवर टाकलेत' एवढं पुरे. आत्ताच कळवा, म्हणजे दुपारपर्यंत त्यांना दुसरं कोणीतरी बघता येईल.