तापमान ‘पूर्णांक’ की ‘परिमेय’?

प्रश्न असा आहे: बातम्यांत तापमान ‘सदतीस पूर्णांक दोन दशांश अंश सेल्सिअस’ असं वाचतात. मग ‘तापमानाचं वर्णन करायला कोणता संख्यासंच योग्य?’ याचं उत्तर ‘पूर्णांक संख्या’ दिलं तर चुकलं कुठे? आणि पूर्ण संख्या वेगळ्या नि पूर्णांक संख्या वेगळ्या का?

आधी ‘पूर्णांक’चा घोळ निस्तरू. ३७.२ वाचताना येणारा ‘पूर्णांक’ दशांशचिन्हाच्या डावीकडचा भाग तेवढा सांगतो. ‘२ पूर्णांक १ छेद ३’मध्येही तसंच. ज्यांच्या वाचनात हा शब्द येतो त्या संख्या सहसा पूर्णांक संख्या नसतात! ३७.२ म्हणजे १८६/५, म्हणून ती परिमेय, म्हणजे दोन पूर्णांक संख्यांच्या अपूर्णांकात (छेद शून्य नसलेल्या) लिहिता येणारी.

संचांची नावं थोडक्यात: १, २, ३… या नैसर्गिक संख्या. त्यांत ० घातलं की पूर्ण संख्या. –१, –२, –३… याही आल्या की पूर्णांक संख्या. (आयएसओ या आंतरराष्ट्रीय मानक संस्थेच्या मानकात नैसर्गिक संख्या ० पासून धरल्या आहेत, पण मराठी शालेय गणितात त्या १ पासून.) पूर्ण आणि पूर्णांक यांत फरक फक्त ऋण संख्यांचा.

आता निवड. मराठीत मोजणं आणि मापणं ही दोन क्रियापदं आहेत, ती इथे फार कामाची. माणसं, खुर्च्या, गाड्या मोजतात. तिथे अर्धं काही नसतं, ऋण काही नसतं, पण शून्य असू शकतं, म्हणून पूर्ण संख्या. मात्र त्याच मोजणीवर क्रिया केली की संच बदलतो. कालच्यापेक्षा आज किती माणसं कमी-जास्त, हा फरक ऋण येऊ शकतो: पूर्णांक. दर घरामागे सरासरी माणसं ३.४: परिमेय. ‘माणसं म्हटली की पूर्ण संख्या’ असं पाठ करणारे नेमके इथे फसतात.

लांबी, वजन, तापमान ही मापायची. यात राशी (मापायची खरी किंमत) आणि तिचं वाचन (उपकरणावर दिसणारा आकडा) वेगळं धरायला हवं. १ मीटर बाजूच्या चौरसाचा कर्ण √२ मीटर, म्हणजे अपरिमेय (अशा अपूर्णांकात लिहिता न येणारी संख्या). तोच कर्ण मिलिमीटरच्या टेपने मापला तर वाचन १.४१४ मीटर, आणि हे परिमेय. टेप असो, काटा असो, थर्मामीटर असो, प्रत्येकाचं लघुतम माप ठरलेलं असतं आणि वाचन त्याच्या पटीतच मिळतं. उपकरणावर अपरिमेय संख्या कधीच दिसत नाही. सव्वा, दीड, पावणेदोन, अडीच हे आपले रोजचे शब्दही सगळे परिमेयच.

चिन्हाचं काय? वजन ऋण नसतं. पण डिजिटल काट्यावर २५० ग्रॅमचं भांडं ठेवून टेअरचं (भांड्याचं वजन वजा करून काटा शून्यावर आणणारं) बटण दाबा आणि भांडं उचला: काटा –२५० दाखवेल. वस्तूचं वजन ऋण झालेलं नाही, शून्य सरकलंय. सेल्सिअसचं तसंच आहे. त्याचं शून्य सोयीसाठी निवडलेलं, म्हणून –५ अंशाला अर्थ आहे. केल्विनमध्ये शून्य म्हणजे –२७३.१५ अंश सेल्सिअस, आणि त्याखाली तापमान जात नाही. तेव्हा ऋण संख्या लागतील की नाही हे कधीकधी राशीपेक्षा एककावर ठरतं.

मूळ प्रश्नाचं उत्तर त्यामुळे एकच नाही. थर्मामीटर पूर्ण अंशच दाखवत असेल तर ‘पूर्णांक संख्या’ हे उत्तर बरोबर. ०.१ अंशापर्यंत दाखवत असेल तर परिमेय. आणि प्रश्न वाचनाबद्दल नसून सलग चढत-उतरत जाणाऱ्या तापमानाबद्दल असेल तर वास्तव संख्या (परिमेय आणि अपरिमेय मिळून). बहुपर्यायी प्रश्नात यांतलं काहीच सांगितलेलं नसेल, तर दिलेल्या उदाहरणांतल्या सगळ्या किमती ज्यात बसतात असा सर्वांत लहान संच निवडावा. नुसतं ‘वास्तव’ लिहिलं तर ते खोटं ठरत नाही, पण गुण मिळतीलच असं नाही.