पॉक्सोच्या केसमधला आरोपी जामिनावर सुटून त्याच इमारतीत राहायला आला आहे. कोर्ट असा जामीन कसा देतं आणि मुलीची साक्ष सुरक्षित कशी राहणार?

"जामीन झाला, आता साक्षीच्या वेळी बघू" असं वकिलांनी तुमच्या नातेवाइकांना सांगितल्याचं तुम्ही लिहिलंय, म्हणून हे उत्तर. हा सल्ला मी वर्षानुवर्षं ऐकतोय आणि माझ्या मते निम्म्या केस इथेच जातात. साक्षीपर्यंत आई-वडील थकलेले असतात आणि साक्षीदार फितूर.

जामिनाच्या टप्प्यावर कोर्ट खरं-खोटं ठरवत नाही. मुलीचं वय, दोघांच्या वयातलं अंतर, आरोपीचं नातं किंवा शेजार, धमकी-मारहाण, दंडाधिकाऱ्यांपुढचा जबाब (फौजदारी प्रक्रिया संहितेचं जुनं कलम १६४, आता नागरिक सुरक्षा संहितेचं १८३) वैद्यकीय अहवालाशी जुळतो का, तपास कुठवर आलाय आणि आरोपी साक्षीदारांपर्यंत पोचू शकतो का, हे बघतं. "पॉक्सोत कलम २९ चं गृहीतक आहे (म्हणजे उलट सिद्ध होईपर्यंत आरोपीने गुन्हा केला असं कोर्ट धरून चालतं), जामीन होतच नाही" असं ठासून सांगणारे आम्हा वकिलांच्याच बार रूममध्ये बसतात. दिल्ली उच्च न्यायालयाने २०२० मध्येच म्हटलंय की ते गृहीतक चार्ज ठेवल्यावर, म्हणजे कोर्टाने आरोप निश्चित केल्यावर, लागू होतं. त्याआधी नेहमीचेच निकष. अटकपूर्व जामिनाची वाट मात्र मुलगी १६ च्या खाली असून बलात्काराचं कलम लागलं असेल तर बंद आहे.

खरी लढाई असते 'से'मध्ये, म्हणजे जामीन अर्जावर दिलेल्या लेखी म्हणण्यात. सरकारी पक्षाच्या छापील सेमध्ये "आरोपी साक्षीदारांवर दबाव आणेल" हे वाक्य प्रत्येक केसमध्ये असतं, त्यामुळे कोणीच ते वाचत नाही. त्याऐवजी लिहायला हवं: आरोपी दुसऱ्या मजल्यावर, मुलगी तिसऱ्यावर, जिना एकच, शाळेची रिक्षा त्याच फाटकाशी थांबते, जामीन द्यायचाच तर खटला संपेपर्यंत त्याने या हद्दीबाहेर राहावं आणि तिथला पत्ता पोलिसांना द्यावा. एवढं नेमकं लिहिलं की न्यायाधीशांना अट घालायला काहीतरी हातात मिळतं. आणि हे सांगायचा तुम्हाला हक्क आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये (अर्जुन माळगे प्रकरण) पॉक्सोत जामिनाची नोटीस मुलीच्या बाजूला बजावण्याबाबत निर्देश दिलेत. नोटीस आदल्या रात्री मिळाली किंवा मिळालीच नाही, तर पहिल्याच तारखेला ते लेखी मांडा, रोजनाम्यात (कोर्टाच्या त्या दिवसाच्या कामकाजाच्या नोंदीत) येऊ द्या. पुढे जामिनाला आव्हान देताना तेवढी ओळ कामी येते.

तुमच्याकडे जामीन होऊन गेलाय, तेव्हा आज आदेशाची नक्कल काढा आणि अटी वाचा. हद्दीची अट नसेल तर अटी वाढवून मागण्याचा अर्ज करा. असेल आणि तो तरीही जिन्यात उभा राहत असेल, तर तारीख-वेळ घालून ठाण्यात लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. एनसीवर (अदखलपात्र गुन्ह्याच्या नुसत्या नोंदीवर) समाधान मानू नका. साक्ष फिरवण्यासाठी धमकी देणं हा न्याय संहितेच्या कलम २३२ खाली वेगळा गुन्हा आहे. सोसायटीचं सीसीटीव्ही काही दिवसांत पुसलं जातं, ते लगेच मागा. नातेवाइकांमार्फत आलेला "मिटवून टाका"चा व्हॉइस मेसेज डिलीट करू नका आणि तो फोनही बदलू नका. हे सगळं जोडून नागरिक सुरक्षा संहितेच्या ४८३(३) खाली जामीन रद्द करायचा अर्ज होतो. नुसत्या "आम्हाला भीती वाटते"वर तो टिकत नाही.

साक्षीदार संरक्षणाचा अर्ज वेगळा. २०१८ ची योजना (सर्वोच्च न्यायालयाचा महेंद्र चावला निकाल) लागू आहे: जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालील समितीकडे अर्ज, त्यावर एसीपी किंवा डीवायएसपीकडून पाच कामाच्या दिवसांत धोक्याचा अहवाल, मग कोर्टापर्यंत सोबत, नंबर बदलणं, घराजवळ गस्त, तात्पुरतं दुसरं घर यातलं काहीही. आदेश एका वेळी जास्तीत जास्त तीन महिन्यांचा. मुदत संपायच्या आत फेरआढावा मागायला लोक विसरतात आणि गस्त गुपचूप बंद होते.

साक्षीच्या दिवशी बचावाचे वकील मुलीला थेट प्रश्न विचारत नाहीत, कोर्टामार्फत विचारतात. सुनावणी बंद दाराआड होते. आरोपीला ऐकू येईल, पण मुलीला तो दिसणार नाही, अशी सोय पडदा किंवा व्हिडिओने करावी लागते. हे सारं कायद्यात आहे. पण पडदा कोर्टरूमच्या आत असतो आणि मुलगी त्याला बघते बाहेरच्या व्हरांड्यात, पुकाऱ्याची वाट बघताना. म्हणून तारखेच्या आधीच अर्ज करून असुरक्षित साक्षीदारांसाठीची खोली, वेगळं प्रवेशद्वार आणि ठरावीक वेळ मागा. बाल कल्याण समितीकडून सहायक व्यक्ती (खटलाभर मुलीला साथ देणारी) नेमून घेतली नसेल तर तीही आजच मागा. वकील परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरण देतं.

हेही सांगतो: दोघांच्या वयात फार अंतर नसेल आणि प्रेमसंबंधाचा मुद्दा असेल, तर वरची बरीचशी गणितं बदलतात आणि जामीन सहज होतो. हद्दीबाहेर राहण्याची अटही आरोपीचं पोट तिथल्याच कामावर असेल तर कोर्ट सैल करतं. आणि एफआयआरची प्रत कुटुंबाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकली असेल तर आत्ता काढा. मुलीची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे, मग ती घरच्यांनी केलेली का असेना.