ज्युनिअरचं बेसिक ७०० ने जास्त, स्टेपिंग अप मिळेल का?

दादा, तुम्ही ऑगस्ट २०१५ ला एमटीएसचे (मल्टी टास्किंग स्टाफ) एलडीसी (लोअर डिव्हिजन क्लार्क) झालात, तुमच्या खालचा माणूस वर्षाने म्हणजे ऑगस्ट २०१६ ला झाला, आणि तेव्हापासून त्याचं बेसिक तुमच्यापेक्षा ७०० ने जास्त. ऑफिस म्हणतं सिस्टिमने काढलंय, काही होत नाही. होतं. सीनिअरचा पगार ज्युनिअरइतका करून देणं, यालाच स्टेपिंग अप म्हणतात. मी सेंट्रल गव्हर्नमेंटच्या अकाउंट्समध्ये ३१ वर्षं काढली, त्यातली निम्मी फिक्सेशनच्या, म्हणजे पगार ठरवायच्या टेबलावर, म्हणून जरा लांबण लावतो.

तुम्ही दिलेल्या आकड्यांवरून कागदावर मांडून बघितलं. जुन्या स्केलमध्ये तुम्ही दोघं सारखेच, ७०९० अधिक ग्रेड पे १८०० म्हणजे ८८९०. प्रमोशनला तुम्हाला ३ टक्क्यांचे २७० मिळाले, ग्रेड पे १९०० झाला, एकूण ९२६०. १ जानेवारी २०१६ ला, म्हणजे सातव्या वेतन आयोगाच्या तारखेला, त्याला २.५७ ने गुणलं की येतात २३७९८, आणि नवीन पगार-तक्त्यात एलडीसीच्या लेव्हल २ मध्ये २३८०० चा सेल (ठरलेला आकडा) आहे, म्हणजे राउंडिंगचे तुमच्या पदरात पडले २ रुपये. आता तो बघा, तो त्या दिवशी अजून एमटीएसच, ८८९० गुणिले २.५७ म्हणजे २२८४७, लेव्हल १ मधला २२८०० चा सेल ४७ रुपयांनी मागे पडला म्हणून थेट २३५०० वर. जुलैचं इन्क्रिमेंट २४२००, प्रमोशनचं एक धरून २४९००, आणि लेव्हल २ मध्ये २४९०० नाहीच, म्हणून २५२००. तुम्ही जुलैचं इन्क्रिमेंट घेऊन २४५०० वर बसलेले. यात त्याने काही लबाडी केलेली नाही आणि क्लार्कनेही चूक केलेली नाही, दोन्ही फिक्सेशन बरोबर आहेत. सेलच्या उड्यांचा खेळ आहे सगळा.

आणि नेमकं याच्यासाठी २०१६ च्या रिवाइज्ड पे रूल्समध्ये नियम ७ चा पोटनियम १० आहे. सीनिअर १-१-२०१६ च्या आधी प्रमोट झाला, ज्युनिअर त्या दिवशी किंवा नंतर, आणि सीनिअरचा पगार कमी पडतोय, तर ज्युनिअरच्या प्रमोशनच्या तारखेपासून सीनिअरचा पगार त्याच्याइतका करायचा. अटी अशा की दोघं एकाच केडरचे हवेत, प्रमोशनची पोस्ट तीच हवी, खालच्या-वरच्या पोस्टची जुनी नवी स्केल्स सारखी हवीत, प्रमोशनच्या वेळी सीनिअरचा पगार ज्युनिअरइतका किंवा जास्त असायला हवा, आणि फरक थेट प्रमोशनच्या फिक्सेशनच्या नियमामुळेच पडलेला हवा. ही शेवटची अटच खरी गोम आहे, निम्म्या केसेस तिथेच आपटतात.

म्हणजे कसं, त्याला मध्ये एमएसीपी (ठराविक वर्षांनी प्रमोशनशिवाय मिळणारी वरची लेव्हल) मिळाली असेल आणि त्यामुळे तो पुढे असेल तर विसरा, एमएसीपी ज्याची त्याची वैयक्तिक, तिच्यावरून सीनिअरला काही मागता येत नाही हे २००९ च्या स्कीममध्येच लिहिलंय. ॲडव्हान्स इन्क्रिमेंट असतील तरी तेच. तो आधी कुठे ॲडहॉक, म्हणजे तात्पुरत्या प्रमोशनवर काम करून आला असेल आणि त्या काळातल्या इन्क्रिमेंट धरून पुढे गेला असेल तर टेलिकॉमवाल्यांची आर. स्वामिनाथन केस आहे, १९९७, सुप्रीम कोर्टाने सीनिअर लोकांना नाही म्हटलंय.

ऑफिस आणखी एक फाटा फोडेल: तुम्ही १ जुलै २०१६ पासून नवीन स्केल घ्यायचा ऑप्शन का नाही दिला? दिला असता तर खरंच ९५४० गुणिले २.५७ करून २५२०० वरच आला असता, मी करून बघितलं. पण वरच्या अटींमध्ये ऑप्शनचा शब्द नाही, तेव्हा तसं उत्तर आलं तर कुठल्या अटीखाली नाकारताय ते लेखी मागा.

अर्ज मात्र नीट करा. सहाव्या आयोगाच्या वेळी आमच्याकडे एकाने चार पानं लिहून दिली होती, अन्याय, वीस वर्षांची निष्ठा, घरची परिस्थिती सगळं होतं, ज्युनिअरचं बेसिक कुठेच नव्हतं. फाइल दीड वर्ष या टेबलावरून त्या टेबलावर. शेवटी मी त्याला एका पानावर तक्ता करून दिला, डावीकडे तो, उजवीकडे ज्युनिअर, तारखेनुसार पगार, खाली नियमाचा नंबर. त्याच फाइलवर महिन्याभरात सही झाली. तुम्हीही तेच करा, सोबत सिनॉरिटी लिस्ट आणि दोघांच्या प्रमोशन ऑर्डर जोडा. त्याचं फिक्सेशन स्टेटमेंट हवं असेल तर आधी चहा पाजून त्यालाच मागा हो, बहुतेक जण देतात.

अर्जात त्याच्याविरुद्ध एक शब्दही नको. "त्याला जास्त कसा मिळतो" असं लिहिलंत की कुणीतरी हुशार त्याचंच सर्व्हिस बुक उघडून बसतो, आणि तुमचं वाढायच्या ऐवजी त्याचं कमी व्हायची भानगड. ग्रुप सीकडून चुकून दिलेल्या पैशाची वसुली सुप्रीम कोर्टाच्या रफिक मसीह निकालामुळे सहसा होत नाही, पण पुढचा पगार कमी होऊ शकतो.

मंजूर झालं तर ऑर्डर एफआर (फंडामेंटल रूल्स) २७ खाली निघते, आणि पुढचं इन्क्रिमेंट त्या रिफिक्सेशनच्या तारखेपासून मोजतात. तुमच्या बाबतीत ऑगस्ट २०१६ ते जुलै २०१७ मध्ये इन्क्रिमेंटला लागणारे सहा महिने भरतातच, म्हणून तोटा नाही. एरिअर्सचं मात्र लांबवू नका. ऑफिसने दिले तर पूर्ण मिळतील, पण कॅटमध्ये (सेंट्रल ॲडमिनिस्ट्रेटिव्ह ट्रिब्युनल) जायची वेळ आली तर सुप्रीम कोर्टाचा तरसेम सिंग निकाल (२००८) पुढे करतात आणि तिथल्या अर्जाआधीच्या ३ वर्षांपुरतेच पैसे मिळतात. आणि आठव्या आयोगातही असाच बेसिकवर गुणाकार झाला आणि तुम्ही एक सेल मागे असाल, तर तो मागेपणाही गुणला जाईल.

तुम्ही एक गोष्ट लिहिली नाहीये, त्याची २०१६ ची प्रमोशन ऑर्डर रेग्युलर आहे ना? आणि त्याआधी कधी ॲडहॉक? तेवढं बघून सांगा, मग तक्ता मी करून देतो.