मॉन्टी पायथनचं मेलेल्या पोपटाचं स्किट नेमकं कोणत्या भागात आहे?

मॉन्टी पायथन या ब्रिटिश विनोदी चमूच्या ‘फ्लाइंग सर्कस’ मालिकेच्या पहिल्या सीझनचा आठवा भाग, बीबीसीवर ७ डिसेंबर १९६९ ला आलेला. जॉन क्लीझ विकत घेतलेला पोपट परत करायला आलेलं गिऱ्हाईक, मायकेल पेलिन दुकानदार. आपल्या बिरबलाच्या गोष्टीत ‘पोपट मेला’ म्हणायला सगळे घाबरतात. इथे गिऱ्हाईक तेच घसा फोडून सांगतंय, पोपट काउंटरवर आपटून दाखवतंय, आणि दुकानदार म्हणतो, झोपलाय हो! मग दांडीवर बसला कसा होता? खिळे ठोकून. मूळ कल्पना १९६८ च्या एका कार्यक्रमातल्या बिघडलेल्या गाडीची. पण गाडीचा पोपट झाला आणि खरी मजा आली. शेवट मात्र मला गुंडाळल्यासारखाच वाटतो. रस्त्यावर दादागिरी करणाऱ्या म्हाताऱ्यांचं स्किटही याच भागात आहे, ते चुकवू नका.