गेट अडवलंय, पोलीस म्हणतात ‘कोर्टाची ऑर्डर आणा’

प्रश्न: कोल्हापूरजवळ गोकुळ शिरगाव एमआयडीसीत माझी फाउंड्री आहे. पगारवाढीच्या करारावरून कामगारांनी नोटीस न देता काम बंद केलं आणि गेटवर ठिय्या दिलाय. कास्टिंगचा भरलेला ट्रक बाहेर सोडत नाहीत. परवा मॅनेजरला रात्रीपर्यंत ऑफिसात कोंडून ठेवलं. पोलीस म्हणतात, ‘हा लेबर मॅटर आहे, कोर्टाची ऑर्डर आणा.’ बंदोबस्त मिळेल का? त्या बंदोबस्तात नवे कामगार आत नेता येतील का?

उत्तर: बंदोबस्त मागता येतो, पण तो ये-जा सुरळीत राहावी आणि कुणाला इजा होऊ नये यासाठी. संप मोडून द्यायला पोलीस येणार नाहीत, येऊही नयेत. म्हणून अर्जात ‘कामगारांना हटवा’ असं लिहू नका. गेटबाहेर शांतपणे बसणं, घोषणा देणं हा गुन्हा नाही.

मॅनेजरला कोंडणं मात्र गुन्हा आहे: भारतीय न्याय संहिता, कलम 127. ड्रायव्हरची वाट अडवणं कलम 126 मध्ये येतं. दोन्ही गुन्हे दखलपात्र आहेत, म्हणजे पोलीस स्वतःहून गुन्हा नोंदवून तपास करू शकतात, त्यामुळे कोर्टाच्या ऑर्डरची वाट पाहण्याचं कारणच नाही. उलट दखलपात्र गुन्हा रोखणं हे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 168 नुसार पोलिसांचं कर्तव्य आहे. 1967 मध्ये पश्चिम बंगाल सरकारने घेरावाच्या वेळी पोलिसांनी आधी कामगारमंत्र्यांना विचारावं, अशा अर्थाचं परिपत्रक काढलं होतं. कलकत्ता उच्च न्यायालयाने ते रद्द केलं. वाद कामगारांचा आहे एवढ्यावरून गुन्ह्याकडे काणाडोळा करता येत नाही.

मॅनेजरची लेखी फिर्याद आजच द्या आणि पोच घ्या. कोणी, किती वाजता, काय केलं ते लिहा. ‘सर्व कामगारांनी’ असं मोघम नको, त्यात निरपराध माणसंही भरडली जातात. सीसीटीव्ही फुटेज, गेट रजिस्टर, ट्रकचं चलन जपून ठेवा. ठाण्यात गुन्हा नोंदवला नाही तर नागरिक सुरक्षा संहितेच्याच कलम 173(4) खाली पोलीस अधीक्षकांकडे आणि तिथेही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येतं.

बंदोबस्ताचा अर्जही अधीक्षकांकडेच करायचा, महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम 47 खाली. खर्च तुमचा, हुकूम पोलिसांचा. ट्रक कोणत्या दिवशी, कोणत्या वेळी निघणार ते अर्जात स्पष्ट लिहा.

सोबत 1971 च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात तक्रार दाखल करा आणि कलम 30(2) खाली अंतरिम आदेश मागा. तक्रारीची मुदत 90 दिवसांची आहे, पण तुम्ही या आठवड्यातच जा. आदेश मिळूनही पोलीस हलले नाहीत तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालय आहे. ऑगस्ट 2025 पासून त्याचं सर्किट बेंच कोल्हापुरातच बसतं, मुंबई गाठावी लागत नाही.

नवे कामगार आत नेऊ नका. 14 दिवसांची नोटीस नसल्याने संप बेकायदा ठरू शकतो, पण ते कामगार न्यायालयाने ठरवायचं, तुम्ही नाही. संप बेकायदा नसताना भरती केलीत तर ती त्याच 1971 च्या कायद्यातली मालकाची अनुचित प्रथा ठरते. बाउन्सर आणलेत तर तुमची बाजू तिथेच संपली.

तुमच्या पत्रात एक गोष्ट आलेली नाही. युनियनच्या मागणीपत्राला तुम्ही लेखी उत्तर दिलंय का? नसेल तर आधी ते द्या आणि सहायक कामगार आयुक्तांकडे संयुक्त बैठक मागा. तुमच्या माणसांचा पगारही थांबलाय.