अपील मिटवा, पण वाट कोर्टाच्या कागदावर आल्यावरच

प्रश्न : देवगड तालुक्यात आमची आंब्याची बाग चुलतभावाच्या बागेमागे आहे. वाटेच्या दाव्यात देवगड कोर्टानं आम्हाला पायवाट दिली, टेम्पोची वाट नाकारली. मी आणि मुंबईच्या बहिणीनं ओरोसला जिल्हा न्यायालयात अपील केलं. पायवाटेविरुद्ध भावानं त्याच अपिलात क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे उलट हरकत, घातलं. यंदा गणपतीत बोलणी झाली. तो म्हणतो, "आधी अपील काढून घे, मग टेम्पोला वाट देतो." 500 रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर तसं लिहूनही दिलंय. अपील काढून घेतो अशी पुरसीस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, देऊ का?

उत्तर : नुसती पुरसीस मुळीच देऊ नका. भावाभावांचं जुळत असेल तर ते जुळायलाच हवं, पण ते कोर्टापुढे जुळू द्या.

अपील काढून घेतलं की देवगडचा हुकूमनामा कायम होतो, म्हणजे टेम्पोला वाट नाही. नव्यानं अपील करायची 30 दिवसांची मुदत केव्हाच उलटली आहे. उद्या भाऊ फिरला तर हातात राहतो तो स्टॅम्पपेपर. वाटेचा कायमचा हक्क देणारा दस्त नोंदवलेला नसेल तर त्याच्या जोरावर टेम्पो नेणं कठीण, आणि भांडायचं म्हटलं तरी पुन्हा नवा दावा.

याहून मोठा धोका क्रॉस ऑब्जेक्शनचा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 41, नियम 22(4) प्रमाणे अपील मागे घेतलं तरी ते चालू राहू शकतं. तुम्ही निर्धास्त घरी बसाल आणि तिकडे आहे ती पायवाटही जाईल.

म्हणून अपिलातच ऑर्डर 23, नियम 3 खाली तडजोडपत्र दाखल करा. त्यात 'वाट द्यावी' एवढंच लिहून भागत नाही. रुंदी किती फूट, कुठून कुठवर, गडगा (दगडी कुंपण) कुठे फोडायचा, फाटकाची किल्ली कोणाकडे, पावसात वाट वाहून गेली तर दुरुस्ती कोणी करायची, सगळं लिहा. हापूस उतरवला की टेम्पो बागेशी यायलाच हवा. त्या वेळी किल्लीवरून वाद नको. सोबत नकाशा जोडा, त्यावरही सह्या घ्या. भाऊ क्रॉस ऑब्जेक्शन काढून घेतो, हे वाक्य त्याच कागदात हवं. बहीणही अपिलात आहे, तिची सही लागेलच.

तडजोडीचा हुकूमनामा झाला की भावानं वाट अडवल्यास नवा दावा नको, थेट दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून मागणारा अर्ज. वाट दाव्यातल्याच जमिनीतून असेल तर हा हुकूमनामा नोंदवावाही लागत नाही. दाव्यात नसलेल्या दुसऱ्या गट नंबरातून जात असेल तर नोंदणी करून घ्या. हेच प्रकरण लोकअदालतीत ठेवलंत तर कोर्ट फीही परत मिळते. मात्र कोर्टात असो वा लोकअदालतीत, तडजोडीवर एकदा सही झाली की नेहमीसारखं अपील नाही, म्हणून मसुदा शांतपणे वाचा.

पुढच्या तारखेला तडजोड चालू असल्याचं सांगून मुदत मागा. गैरहजर राहू नका. गैरहजेरीत अपील निकाली निघालं तरी भावाचं क्रॉस ऑब्जेक्शन चालू शकतं.